काळावरची ‘प्राचीन’ पोथी : खोके सोडून वाचावी अशी

गेल्या एप्रिलमध्ये नाशिकच्या मेन रोडवरील एका दुकानातून मी काळाच्या स्वरूपावरील एका प्राचीन ग्रंथाची, निदान तशी जाहिरात असलेल्या ग्रंथाची, पोथी-आवृत्ती २,४०० रुपयांना विकत घेतली. लाकडी खोक्यात १०८ सुटी पाने, त्यांना वरखाली दोन फळ्या, सगळ्याला गुंडाळलेला लाल रुमाल, वेळ मोजायचे एक तांब्याचे घटिकापात्र, सावली मोजायचा बारा अंगुळे उंचीचा एक पितळी शंकू आणि या दोन्ही उपकरणांचा वापर समजावून देणारे एक जाड कार्ड असा हा संच आहे. दुकानाचे, प्रकाशकाचे आणि पोथीचे नाव मी येथे मुद्दाम देत नाही. माझ्या म्हणण्यातला निम्मा भाग तक्रारीचा आहे आणि उरलेले निम्मे कौतुक ज्या लेखकाचे आहे, त्याचे नाव खुद्द प्रकाशकानेच कोठे छापलेले नाही.

माहितीपत्रकातला दावा असा की, सातवाहनांच्या राज्यात त्रिरश्मी डोंगरावर, म्हणजे आपल्या पांडवलेण्यात, वर्षावासासाठी, म्हणजे पावसाळ्यातल्या मुक्कामासाठी, राहिलेल्या एका भिक्षूने आपल्या शिष्याला काळाविषयी जे सांगितले ते सात अध्यायांत येथे आले आहे. मूळ प्राकृत हरवले, पुढे कोणी तरी त्याचे संस्कृत श्लोक केले आणि ती पोथी एका जुन्या वाड्याच्या माळ्यावर सापडली. माळ्यावर सापडलेल्या पोथ्यांची आपल्याकडे कधीच वाण पडलेली नाही. त्यात २०२७चा सिंहस्थ तोंडावर आला असल्याने नाशकात सध्या ‘प्राचीन’ हा शब्द लावला की तांब्याच्या लोट्यापासून अगरबत्तीपर्यंत काहीही खपते. मी पस्तीस वर्षे शाळेत संस्कृत शिकवले असल्यामुळे माहितीपत्रक वाचूनच खरे तर परत फिरायला हवे होते. पण दुकानात उभ्या उभ्या पाचव्या अध्यायाची दोन पाने वाचली आणि पैसे काढून दिले. त्या अध्यायाकडे मी पुढे येतोच.

आधी बाह्यरूप. पाने यंत्राच्या कागदाची असून त्यांना चहाच्या पाण्यासारखा पिवळट रंग दिला आहे. अक्षर बोरूच्या वळणाचे, सुबक आणि डोळ्यांना सुखावणारे आहे, समासाच्या तांबड्या रेघा सरळ आहेत आणि शाई कोठेही फुटलेली नाही. ज्याने हे काम केले त्याने जुन्या पोथ्या नीट पाहिलेल्या आहेत, कारण सात-आठ ठिकाणी पिवळे पट्टे छापून त्यांवर दुरुस्त अक्षरे घातली आहेत. चुकलेल्या अक्षरावर हरताळ, म्हणजे एक पिवळा खनिज रंग, लावून वर नवे अक्षर लिहिण्याची लेखकूंची ती रीत, आणि ‘हरताळ फासणे’ हा आपला वाक्प्रचार तिच्यातूनच आला. येथे मात्र एका पानावर ज्या शब्दावर हरताळ छापला आहे तोच शब्द, तीच चूक घेऊन, पुन्हा वर लिहिलेला आहे. मला त्या पानाचा राग आला नाही, उलट गंमत वाटली. फळ्यांना दोरी ओवण्याची भोके मात्र इतकी घट्ट आहेत की पोथी एकदा सोडली की पुन्हा बांधताना बोटे सोलतात.

ग्रंथ जुना नाही, आणि हे कळायला पहिल्या पानापलीकडे जावे लागत नाही. मंगलाचरणानंतरच्या श्लोकात उपदेशाला सुरुवात झाली तो दिवस ‘आषाढ पौर्णिमा, शनिवार’ असा दिला आहे. भारतात वाराचा स्पष्ट उल्लेख असलेला सर्वांत जुना कालनिर्दिष्ट शिलालेख मध्य प्रदेशातील एरणचा, गुप्त राजा बुधगुप्ताच्या काळातला, गुप्त संवत् १६५ म्हणजे इ. स. ४८४ मधला आहे. तेथे आषाढ शुक्ल द्वादशीला गुरुवार होता असे कोरलेले आहे. सातवाहनांच्या भिक्षूला तिथी सांगता आली असती, नक्षत्र सांगता आले असते, पण त्याच्या जगात शनिवार अजून उगवायचा होता. त्या काळातील माणसे दिवस कसा सांगत हे पाहायला नाशिककरांना लांब जावे लागत नाही. पांडवलेण्यातील तिसऱ्या लेण्याच्या ओवरीत गौतमी बलश्रीच्या दानाचा जो लेख आहे, त्यावर सातवाहन राजा वासिष्ठीपुत्र पुळुमावीचे एकोणिसावे वर्ष, उन्हाळ्याचा दुसरा पक्ष, तेरावा दिवस, एवढाच काळ नोंदवला आहे. वर्षाचे उन्हाळा, पावसाळा आणि हिवाळा असे तीन भाग, प्रत्येकाचे आठ पक्ष, आणि पक्षातला दिवस. वार नाही, रास नाही. पोथीच्या लेखकाने गावाबाहेरच्या त्या ओवरीत अर्धा तास घालवला असता तरी हा शनिवार टळला असता.

दुसऱ्या अध्यायात कालमापन येते आणि तेथे गफलती दाटीवाटीने बसल्या आहेत. भिक्षू शिष्याला भोक पाडलेली वाटी पाण्यावर सोडायला सांगतो. वाटी भरून बुडाली की एक घटका झाली. हे घटिकापात्र आपल्या आजोबा-पणजोबांच्या लग्नांत घंगाळातल्या पाण्यावर सोडले जात असे आणि भटजींची नजर तिच्यावर खिळलेली असे, म्हणून ते आपल्याला सनातन वाटते. वस्तुतः बुडत्या वाटीची वर्णने पाचव्या शतकाच्या सुमारापासूनच्या ज्योतिषग्रंथांत भेटू लागतात. त्याआधीचे पाण्याचे घड्याळ, म्हणजे नालिका, वेगळे होते. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात ती येते ती भांड्यातून नळीवाटे पाणी गळून जाण्याच्या हिशेबाने. वाटी भरते आणि भांडे रिकामे होते या दोन घटनांत काळाविषयी विचार करणाऱ्याला केवढा फरक सापडला असता! पोथीचा लेखक हुशार आहे, त्याला हे ठाऊक असते तर त्याने त्यावर एक सबंध अध्याय रचला असता असे वाटून जाते. त्याच अध्यायात पुढे गुरू सिंह राशीत आल्यावर गोदावरीवर जमणाऱ्या मेळ्याचा उल्लेख आहे. बारा राशी आपल्याकडे यवनांच्या, म्हणजे ग्रीकांच्या, संपर्कातून आल्या; लगधाच्या नावावर असलेल्या वेदांगज्योतिषात नक्षत्रे आहेत, पाच वर्षांचे आणि १,८३० दिवसांचे युग आहे, त्यात बसणारे ६२ चांद्रमास आहेत, पण सिंह रास नाही. सिंहस्थाच्या हंगामात निघालेल्या पुस्तकात सिंहस्थ असायलाच हवा, हे मी समजू शकतो.

एका ठिकाणी मात्र माझी स्वतःची फसगत झाली आणि ती सांगणे प्रामाणिकपणाचे ठरेल. पोथी म्हणते की सर्वांत मोठा दिवस अठरा मुहूर्तांचा आणि सर्वांत लहान बारा मुहूर्तांचा असतो. एक मुहूर्त ४८ मिनिटांचा, म्हणजे मोठा दिवस १४ तास २४ मिनिटांचा झाला. नाशिक सुमारे २० अक्षांशावर आहे; येथे जूनमधला सर्वांत मोठा दिवस साधारण १३ तास २० मिनिटांचा, म्हणजे साडेसोळा-पावणेसतरा मुहूर्तांचा असतो आणि डिसेंबरमधला सर्वांत लहान दिवसही अकरा तासांना थोडाच कमी पडतो. अठरा मुहूर्तांचा दिवस हवा असेल तर ३५ अक्षांशापर्यंत, काश्मीरच्या आसपास, जावे लागेल. ‘सापडला चोर’ असे मी वहीत लिहूनही ठेवले होते. नंतर १८४० साली स्थापन झालेल्या आपल्या सार्वजनिक वाचनालयात दोन दुपारी बसून ताडून पाहिले तेव्हा ध्यानात आले की, हा आकडा वेदांगज्योतिषापासून अर्थशास्त्रापर्यंत आणि जैनांच्या सूर्यप्रज्ञप्तीपर्यंत सगळीकडे तसाच आलेला आहे. आपण कोठे राहतो आणि आपला दिवस केवढा आहे हे न मोजता जुन्या ग्रंथातला आकडा उतरवून घ्यायचा, ही खरोखरच प्राचीन सवय आहे. म्हणजे संपूर्ण पोथीत अस्सल प्राचीन असे काही असेल तर ती ही चूक.

संस्कृतही काही गोष्टी बोलून जाते. पानाच्या एका बाजूला श्लोक आणि पाठीमागे मराठी गद्य अशी मांडणी आहे, आणि गद्याला ‘अनुवाद’ म्हटले आहे. पण श्लोक अवघडलेले आहेत, पादपूरणासाठी ‘च’ आणि ‘वै’ यांची खैरात आहे, आणि मराठी मात्र झऱ्यासारखी मोकळी आहे. एका म्हाताऱ्या विणकराचा मृत्यू सांगताना मराठीत ‘त्याची घटका भरली’ असे म्हटले आहे, आणि श्लोकात ‘घटिका तस्य पूर्णाभूत्’. घटका भरणे म्हणजे आयुष्य संपणे हा प्रयोग मराठी तोंडात वाढलेला आहे. येथे अनुवाद मराठीतून संस्कृतात झाला आहे, आणि तो करणाराची मातृभाषा मराठी आहे, याविषयी माझ्या मनात शंका उरली नाही.

आता मजकुराविषयी. पहिला अध्याय ‘काळ आहे कशावरून’ या प्रश्नाचा असून तो ठीकठाक आहे. आधी-नंतर, एकाच वेळी, लवकर-उशिरा अशी जी जाणीव आपल्याला होते तिच्यावरून काळ नावाचे द्रव्य अनुमानाने मानायचे, हा वैशेषिक दर्शनाचा मार्ग लेखकाने शिष्याच्या तोंडी घातला आहे आणि भिक्षू त्याला उलट प्रश्न विचारतो. हे प्रश्न चांगले आहेत, पण त्यांची धार उसनी आहे. बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाने मध्यमकारिकेच्या एकोणिसाव्या प्रकरणात अवघ्या सहा कारिकांत हा विषय जितका निर्दयपणे सोलला आहे तितका येथे चौदा पानांतही सोललेला नाही. भूत, वर्तमान आणि भविष्य हे तिन्ही एकसारखेच सत् आहेत की नाहीत, या बौद्ध संप्रदायांतल्या जुन्या वादावरचा सहावा अध्याय वाचताना तर मला दोनदा डुलकी लागली. प्रलयावरच्या सातव्या अध्यायात मोठमोठे आकडे आहेत, बाकी काही नाही.

चौथा अध्याय कर्ज आणि व्याज यांचा आहे. भिक्षूने व्याजावर बोलावे हे विचित्र वाटेल, पण नाशकात ते मुळीच विचित्र नाही. पांडवलेण्यातील दहाव्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने गोवर्धनातल्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे, म्हणजे व्यवसायसंघांकडे, ३,००० कार्षापण (त्या काळची नाणी) ठेवल्याचा लेख आहे. त्यांपैकी २,००० दरमहा शेकडा एक या दराने आणि १,००० दरमहा शेकडा पाऊण या दराने, आणि मुद्दल कधीही परत मागायचे नाही, फक्त व्याज वापरायचे. २,०००वर वर्षाला २४० होतात; त्यातून वर्षावासाला राहणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी, म्हणजे वस्त्रासाठी, मिळायचे. कधीच न फिटणारे, आणि फिटू नये अशीच ज्याची योजना आहे असे हे मुद्दल म्हणजे काळाविषयीचे एक विधानच आहे, आणि ते दगडात कोरलेले आहे. पोथीच्या लेखकाला हा लेख माहीत असावा, कारण त्याचा म्हातारा विणकर श्रेणीचा माणूस आहे आणि आपल्या आजाने विणलेल्या कापडाचे पैसे आपला नातू फेडणार आहे असे तो म्हणतो. पण एवढे बोलून लेखक एकदम ‘जीवन हेच ऋण’ अशा प्रवचनावर घसरतो आणि हातातले सोने सोडून देतो. संपूर्ण पुस्तकात मला सर्वाधिक हळहळ या अध्यायाची वाटली.

तिसऱ्या अध्यायात शिष्य म्हणतो की काळ नदीसारखा वाहतो. ही उपमा इतकी झिजलेली आहे की मी पान उलटणारच होतो. पण भिक्षू त्याला घेऊन डोंगर उतरतो, गोदावरीच्या काठी आणतो आणि पात्रातला एक उभा दगड दाखवतो. पाणी त्या दगडाच्या पायाशी आले की काठावरची गुरे सोडतात, गुडघ्याएवढे चढले की दुकाने आवरतात, छातीला लागले की माणसे वर निघून जातात. गावातले कोणीही पाण्याकडे पाहत नाही, सगळे दगडाकडे पाहतात. भिक्षूचे म्हणणे असे की, लोक ज्याला काळ म्हणतात तो वाहणाऱ्या पाण्यासारखा नसून त्या न हलणाऱ्या दगडासारखा आहे. बदल तर होतच असतो, पण तो कोणत्या तरी स्थिर खुणेवर वाचता येतो तेव्हाच त्याचा काळ होतो. व्याकरणाचा तत्त्वज्ञ भर्तृहरी याने काळाला या जगद्यंत्राचा सूत्रधार म्हटले, तो एका गोष्टीला वाट देतो आणि दुसरीला अडवून धरतो. त्या विचाराच्या शेजारी ठेवता येईल इतका हा दृष्टान्त घोटीव आहे.

आणि नाशिककर वाचकाला येथे हसू येते. गुडघा, कंबर, छाती, गळा अशा मापांनी पूर मोजणारा तो दगड कोणता हे आम्हांला कोणी सांगायला नको. पावसाळ्यात रामकुंडाजवळच्या दुतोंड्या मारुतीच्या कोठवर पाणी आले, हा प्रश्न येथे घराघरांत विचारला जातो, परगावी असलेली मुले फोन करून विचारतात, आणि त्याच्या उत्तरावर भांडी बाजार आणि सराफ बाजारातले व्यापारी तळमजल्यावरचा माल वर चढवतात. लेखकाने मारुतीची दोन्ही तोंडे पुसून त्याचा साधा दगड केला आहे, तरी तो ओळखू आला. येथवर वाचून मी पहिल्यांदा मनाशी म्हटले की हा माणूस जिवंत आहे, तो याच गावात राहतो आणि एखाद्या जुलैत अहिल्यादेवी होळकर पुलावर छत्री घेऊन उभा राहिलेला आहे.

पाचवा अध्याय सावलीचा. ज्यासाठी मी पैसे मोजले तो हाच. भिक्षू लेण्यासमोरच्या अंगणात शंकू रोवतो आणि शिष्याला रोज मध्याह्नी त्याची सावली मोजायला लावतो. उन्हाळा चढतो तशी उत्तरेकडे पडणारी सावली आखूड होत जाते आणि एके दिवशी ती नाहीशी होते. दुसऱ्या दिवसापासून ती दक्षिणेला पडू लागते, तेव्हा शिष्य घाबरतो. त्याच्या गावाकडे, उत्तरेला, असे कधी झालेले नाही. गुरू सांगतो की सूर्य आपल्याला ओलांडून उत्तरेला गेला आहे, तो परत येताना सावली आणखी एकदा नाहीशी होईल, तू दिवस मोजत राहा. शिष्य रोज एक खडा मडक्यात टाकू लागतो. पण दरम्यान पाऊस सुरू होतो, त्रिरश्मीवर ढग उतरतात आणि सूर्य आठ-आठ दिवस दिसत नाही. गुरूने चौसष्ट दिवस सांगितले होते. एके दिवशी शिष्य खडे मोजतो आणि ते चौसष्ट भरतात, पण आकाश भरलेले असते. मग त्याला आठवते की मध्ये दोन दिवस आपण तापाने पडून होतो. त्या दिवसांत खडे टाकले की नाही, आणि टाकले असल्यास आपण टाकले की दुसऱ्या कोणी, हे त्याला सांगता येत नाही. म्हणजे सावली आज नाहीशी झाली की परवाच होऊन गेली? तो गुरूला विचारतो. गुरू मडक्यात हात घालतो, एक खडा उचलतो, त्याच्याकडे पाहतो आणि तो पुन्हा मडक्यात टाकतो. अध्याय येथेच थांबतो.

या प्रसंगाचे तपशील मी तपासले आणि ते अचूक निघाले. नाशकात सूर्य २० मेच्या आसपास माध्यान्ही बरोबर डोक्यावर येतो आणि परतताना २३ जुलैच्या सुमारास पुन्हा येतो. या दोन तारखांमध्ये चौसष्ट दिवस आहेत. कर्कवृत्ताच्या अलीकडे सगळीकडे असे दोन दिवस येतात, पण त्यांतले अंतर गावागावाला वेगळे. प्राचीन गणिताचे माहेरघर असलेले उज्जैन कर्कवृत्ताला जवळजवळ चिकटूनच आहे, तेथे हे दोन्ही दिवस २१ जूनच्या मागेपुढे, एकमेकांत मिसळल्यासारखे येतात. तेव्हा चौसष्ट हा आकडा ग्रंथातून उचललेला नाही, तो येथील अक्षांशाचा आहे. दिवसाच्या लांबीसाठी जुना आकडा डोळे मिटून उतरवणारा लेखक सावलीपाशी मात्र स्वतः मोजायला बसला. दुसरा शून्यसावलीचा दिवस आषाढ-श्रावणाच्या ढगांत हमखास हरवतो हेही ज्याने येथे पावसाळे काढले आहेत त्यालाच सुचेल. योगसूत्रांच्या व्यासभाष्यात म्हटले आहे की क्षण तेवढा खरा, क्षणांची ओळ ही बुद्धीने लावलेली असते. दोन क्षण एकत्र कधी नांदत नाहीत. त्या मडक्यातले खडे मात्र सगळे एकत्र नांदत आहेत, आणि त्यांतला तापाच्या दिवसाचा खडा कोणता हे त्यांच्याकडे पाहून कळत नाही. भाष्यातले ते वाक्य मी वर्गात अनेकदा वाचून दाखवले, पण त्यातली अडचण मला या मडक्याने पहिल्यांदा दाखवली.

साहजिकच २० मेला मी संचातला शंकू घेऊन गच्चीवर गेलो. नातवाने पाणसळ लावून फरशी पाहिली, ओळंब्याने शंकू उभा केला आणि आम्ही कार्डावर लिहिल्याप्रमाणे बरोबर बारा वाजता सावली पाहिली. ती दीड अंगुळाहून थोडी जास्त भरली. नातू म्हणाला, “आजोबा, तुमच्या भिक्षूने थापा मारल्या.” थाप भिक्षूची नव्हती, कार्डाची होती. आपली घड्याळे ८२.५ रेखांशावरच्या प्रमाणवेळेने चालतात. नाशिक त्याच्या पश्चिमेला पावणेनऊ अंशांवर आहे आणि प्रत्येक अंशाला चार मिनिटे लागतात, म्हणून येथील मध्याह्न सरासरीने पस्तीस मिनिटे उशिरा होतो. मे महिन्यात सूर्य स्वतः तीन-साडेतीन मिनिटे पुढे असतो. नातवाला मी अर्धा तास थांबवून ठेवले. बारा वाजून एकतीस मिनिटांनी शंकूच्या बुडाभोवती काहीच नव्हते. ज्यांनी कार्डावर विसंबून बारा वाजता पाहिले आणि खाली निघून गेले, त्यांच्या लेखी पुस्तकातला सर्वांत खरा अध्याय खोटा ठरला असणार. हे कार्ड प्रकाशकाने ताबडतोब बदलावे.

घटिकापात्राची स्थिती त्याहून वाईट. एक घटका २४ मिनिटांची, साठ घटकांचा अहोरात्र. मी बादलीत पाणी घेऊन मोबाइलवर वेळ लावून पाच वेळा वाटी सोडली. ती दर वेळी साडेएकवीस मिनिटांच्या आसपास बुडाली. या हिशेबाने साठ घटका साडेएकवीस तासांत संपतात आणि दिवसाचे अडीच तास प्रकाशकाच्या खिशात जातात. दुकानात जाऊन सांगितल्यावर मालक शांतपणे म्हणाले, “सर, जुन्या काळी वेळ अशीच असायची.” या उत्तरावर मला काही बोलता आले नाही.

तेव्हा हा संच घ्यावा का? खोक्यासकट २,४०० रुपये मला जास्त वाटतात. याच मजकुराची साधी, शिवलेली प्रत त्याच दुकानात ४५० रुपयांना मिळते. तीत संस्कृत श्लोक नाहीत, फक्त मराठी आहे, आणि ते सोयीचेच आहे. ती घ्यावी, तिसरा आणि पाचवा अध्याय सावकाश वाचावा, चौथा लेखकावर थोडे रागावून वाचावा आणि बाकीचे चाळावे. ज्योतिषाच्या किंवा इतिहासाच्या अभ्यासकाने यातले एकही विधान पुरावा म्हणून उद्धृत करू नये. शाळेतल्या मुलांना द्यायला हरकत नाही, पण माहितीपत्रक काढून घेऊन द्यावे.

प्रकाशकाकडे माझी एक मागणी आहे. ज्याने हे लिहिले त्याचे नाव पुढच्या छपाईत घालावे. त्याला दोन हजार वर्षांमागे ढकलून त्याची किंमत वाढवली असे प्रकाशकाला वाटत असेल, पण त्यामुळे शनिवार, राशी आणि बुडती वाटी या चुका, कल्पित कथेत ज्यांच्याकडे कोणी बोटही दाखवले नसते त्या, लबाडी ठरल्या, आणि चौसष्ट खड्यांचे श्रेय कधीच नसलेल्या एका भिक्षूच्या नावावर जमा झाले. मी दुकानात लेखकाविषयी दोनदा विचारले. पहिल्यांदा ‘परंपरेने आलेले आहे’ असे उत्तर मिळाले आणि दुसऱ्यांदा नुसते हसू.

वाटी मी भांडी बाजारातल्या एका कारागिराकडे नेली. भोक मोठे झाले आहे हे त्याने उजेडाकडे धरून एका नजरेत ओळखले, डाख देऊन ते बुजवले आणि बारीक सुईने नवे पाडले. दोनदा घासून, दोनदा पाण्यावर सोडून पाहिले. साठ रुपये घेतले. आता ती चोवीस मिनिटे दहा सेकंदांनी बुडते. ते वरचे दहा सेकंदही काढून देतो असे तो म्हणत होता, पण घाटावर जायला उशीर होत होता म्हणून मी ते तसेच राहू दिले.